माल अडकलाय? आधी कायद्याची खिडकी, मग हायकोर्ट

वाचकांचे प्रश्न, जाणकारांची उत्तरे

या वेळी निवडलेली पत्रे वेगवेगळ्या गावांची आहेत, पण सगळ्यांचा सल एकच आहे. सरकारी खात्याने माल किंवा गाडी ताब्यात घेतली आहे, धंदा खोळंबला आहे आणि कोणीतरी सांगितले आहे की सरळ हायकोर्टात जा. हा सल्ला कधी बरोबर असतो, पण बहुतेक वेळा महागात पडतो. नेमका केव्हा, ते खाली प्रत्येक पत्राच्या ओघात येईल.

प्रश्न : आमचा पीव्हीसी पाइपचा व्यापार आहे. जळगावहून नागपूरला ६ लाखांचा माल पाठवला. वाटेत ट्रकचा एक्सल तुटला, ई-वे बिलाची (माल नेण्याच्या ऑनलाइन पासची) मुदत रात्री १२ वाजता संपली आणि सकाळी १० वाजता अमरावतीच्या अलीकडे जीएसटीच्या पथकाने गाडी अडवली. २ लाख १६ हजार भरल्याशिवाय माल सुटणार नाही म्हणतात. नातेवाईक म्हणतात, पैसाही भरू नका, नागपूर खंडपीठात रिट टाका. काय करावे?
– एक व्यापारी, जळगाव

रिटचा, म्हणजे हायकोर्टात थेट याचिका करण्याचा, विचार नंतर करा, आधी माल सोडवा. माल सोडवणे आणि केस जिंकणे ही दोन वेगळी कामे आहेत, आणि ती एकात मिसळली की दोन्ही रखडतात. रिट दाखल करून ती बोर्डावर येईपर्यंत गाडी उभीच राहते, चालकाचा भत्ता चालू राहतो आणि ट्रकमालक रोजचे भाडे मागतो.

२ लाख १६ हजार हा आकडा कुठून आला ते पाहा. पाइपवर १८ टक्के कर, म्हणजे ६ लाखांवर १ लाख ८ हजार. जीएसटी कायद्याच्या कलम १२९ मध्ये १ जानेवारी २०२२ पासून झालेल्या बदलानुसार मालाचा मालक पुढे आला तर दंड कराच्या २०० टक्के, म्हणून २ लाख १६ हजार. मालक पुढे आला नाही तर मालाच्या किमतीच्या ५० टक्के किंवा कराच्या २०० टक्के, यांपैकी जास्त असेल ते. तुमच्या बाबतीत ते ३ लाख होतात. म्हणून पहिल्याच दिवशी अधिकाऱ्याला लेखी कळवा की मालक आम्ही आहोत. मालाबरोबर बिल असेल तर पाठवणारा किंवा घेणारा यांपैकी कोणालाही मालक मानावे, असे केंद्रीय अप्रत्यक्ष कर मंडळाचे ३१ डिसेंबर २०१८ चे परिपत्रक आहे. त्याची प्रत अर्जाला जोडा. हे पत्र न दिल्यामुळे ८४ हजारांचा फरक पडलेला व्यापाऱ्याला आदेश हातात आल्यावरच कळतो.

तिसरा पर्याय कोणी सांगत नाही, म्हणून मुद्दाम सांगतो. रोख न भरता तेवढ्याच रकमेची बँक गॅरंटी आणि एमओव्ही-०८ नमुन्यातले हमीपत्र दिले तरी माल सोडावा लागतो. तुमचे बँकेत खाते चांगले असेल तर हाच मार्ग घ्या, पैसे कोर्टकचेरी संपेपर्यंत अडकत नाहीत. मात्र गॅरंटीची मुदत संपायच्या आत ती वाढवत राहा. मुदत उलटण्याची वेळ आली की खाते ती वटवून घेते आणि मग तक्रारीला जागा राहत नाही.

आता कागद एकेक तपासा. चालकाचा जबाब एमओव्ही-०१ मध्ये होतो. चालकाला मराठी किंवा हिंदीच येत असते आणि तो न वाचता सही करतो, म्हणून फोनवरून त्याला सांगा की एक्सल तुटल्याचे आणि गॅरेजचे नाव जबाबात यायलाच हवे. गाडी तपासायचा आदेश एमओव्ही-०२, तपासणीचा अहवाल एमओव्ही-०४, अडकवून ठेवल्याचा आदेश एमओव्ही-०६, दंडाची नोटीस एमओव्ही-०७, अंतिम आदेश एमओव्ही-०९. तपासणी सुरू झाल्यापासून २४ तासांत अहवालाचा पहिला भाग आणि ३ दिवसांत अंतिम भाग पोर्टलवर चढला पाहिजे. अडकवल्यापासून ७ दिवसांत नोटीस आणि नोटीस मिळाल्यापासून ७ दिवसांत आदेश, अशा मुदती कायद्यातच आहेत. त्या पाळल्या नाहीत म्हणून उच्च न्यायालयांनी आदेश रद्द केल्याची उदाहरणे आहेत. तेव्हा प्रत्येक कागदावर तो मिळाल्याची तारीख आणि वेळ लिहून सही करा. गाडी ३० मिनिटांपेक्षा जास्त अडवली तर वाहतूकदाराला पोर्टलवर ईडब्ल्यूबी-०४ मध्ये तशी नोंद करता येते, तीही करा.

एमओव्ही-०७ ला उत्तर मात्र नीट द्या. ई-वे बिलाची मुदत दर २०० किलोमीटरला एक दिवस अशी आहे, आणि मुदत संपण्याआधी ८ तास ते संपल्यानंतर ८ तास या काळात ती वाढवता येते. तुमची खिडकी सकाळी ८ वाजता बंद झाली आणि गाडी १० वाजता अडवली गेली. म्हणजे चूक झाली आहे, ती नाकारू नका. पण चूक म्हणजे करचुकवेगिरी नव्हे, हे दाखवा. गॅरेजचे बिल, तुटलेल्या एक्सलचे तारीख-वेळ दिसणारे फोटो, फास्टॅगच्या नोंदी, बिल, बिल्टी, आणि त्या महिन्याच्या विवरणपत्रात हे बिल दाखवल्याचा किंवा दाखवणार असल्याचा खुलासा, हे सगळे जोडा. हैदराबादमधल्या कागदाच्या मालाच्या प्रकरणात, सत्यम शिवम पेपर्समध्ये, सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०२२ मध्ये सांगितले की वाहतूक कोंडीमुळे ई-वे बिलाची मुदत संपली, एवढ्यावरून कर चुकवायचा हेतू धरता येत नाही. खात्यावर उच्च न्यायालयाने लावलेल्या १० हजारांच्या खर्चात आणखी ५९ हजारांची भर घातली. या निकालाचा उल्लेख उत्तरातच करा, अपिलासाठी राखून ठेवू नका.

रक्कम भरून माल सोडवला तर प्रकरण मिटले असे कायदा म्हणतो, आणि अनेक अधिकारी मग एमओव्ही-०९ काढतच नाहीत. आदेश नाही म्हणजे अपील कशाविरुद्ध करणार? झाशीला अडवलेल्या सुपारीच्या एएसपी ट्रेडर्स प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने जुलै २०२५ मध्ये हा प्रश्न सोडवला. व्यापाऱ्याने हरकत नोंदवली असेल तर पैसे भरल्यानंतरही कारणांसह आदेश द्यावाच लागतो आणि अपिलाचा हक्क शाबूत राहतो. म्हणून पैसे भरताना लेखी नोंदवा: ‘माल नाइलाजाने सोडवत आहोत, नोटिशीतील आरोप मान्य नाहीत, आदेशाची प्रत द्यावी.’

आदेश मिळाल्यापासून ३ महिन्यांत अपील, एपीएल-०१ नमुन्यात, पोर्टलवर. सबळ कारण असेल तर आणखी एक महिना मिळतो, त्यापुढे एक दिवसही नाही. बँक गॅरंटीवर माल सोडवला असेल तर अपिलासोबत दंडाचा हिस्सा रोख भरावा लागतो. तो २०२२ पासून २५ टक्के होता, २०२५ च्या वित्त कायद्याने १० टक्के केला. तुमच्या बाबतीत १० टक्के म्हणजे २१ हजार ६००.

एक गोष्ट जाता जाता. वाहन क्रमांकात एक-दोन आकडे चुकणे, पत्ता बरोबर असताना पिनकोड चुकणे, बिलाच्या क्रमांकात एक-दोन आकडे इकडेतिकडे होणे अशा चुकांसाठी कलम १२९ लावूच नये, केंद्र आणि राज्य मिळून ५००-५०० रुपये घ्यावेत, असे १४ सप्टेंबर २०१८ चे परिपत्रक आहे. मुदत संपलेले ई-वे बिल त्या यादीत नाही, त्यामुळे ते परिपत्रक तुम्हाला कामाचे नाही. शेजारच्या व्यापाऱ्याला मात्र उद्या लागेल.

प्रश्न : कलम २२६ ने उच्च न्यायालयाला रिटचा अधिकार राज्यघटनेने दिला आहे. साधा कायदा त्याला ‘आधी अपील करा’ असे कसे सांगू शकतो?
– विधी शाखेचा विद्यार्थी, नाशिक

सांगू शकत नाही, आणि सांगतही नाही. हे बंधन न्यायालयांनी स्वतःवर घालून घेतले आहे. १९६४ च्या थानसिंग नाथमल आणि १९८३ च्या टिटागढ पेपर मिल्स या निकालांपासून एक सूत्र चालत आले आहे: ज्या कायद्याने कर लावला त्याच कायद्याने तक्रारीची यंत्रणा उभी केली असेल तर ती वळसा घालून टाळू नये. याला सबळ कारण आहे. माल कोणत्या वर्गात मोडतो, गाडी ठरल्या मार्गावर होती का, बिल खरे की खोटे, ही तथ्ये तपासायला पुरावा लागतो, आणि रिटमध्ये सहसा फक्त प्रतिज्ञापत्रे असतात.

२०२१ या एकाच वर्षात सर्वोच्च न्यायालयाने या सूत्राच्या दोन्ही बाजू दाखवल्या. राधाकृष्ण इंडस्ट्रीज प्रकरणात हिमाचल प्रदेशातल्या व्यापाऱ्याची येणी जीएसटी खात्याने तात्पुरती गोठवली होती. कायद्याने घातलेल्या अटी न पाळता ती गोठवली म्हणून रिट ग्राह्य धरली गेली. कमर्शियल स्टील प्रकरणात मात्र तेलंगणात पोलादाचा ट्रक ठरलेल्या ठिकाणाऐवजी दुसरीकडे सापडला, कलम १२९ लावले गेले, उच्च न्यायालयाने रिटमध्येच रक्कम परत करायला सांगितले, आणि सर्वोच्च न्यायालयाने ते रद्द केले. अपवाद चार सांगितले: मूलभूत हक्काचा भंग, नैसर्गिक न्यायाचा भंग, अधिकारक्षेत्राबाहेरची कारवाई, आणि कायद्याच्याच वैधतेला आव्हान.

यांतला दुसरा अपवाद सगळ्यांत जास्त वापरला जातो आणि सगळ्यांत जास्त चुकीचा वापरला जातो. नोटीसच दिली नाही, सुनावणीची तारीखच दिली नाही, आदेशात तुमच्या उत्तराचा उल्लेखही नाही, तर नैसर्गिक न्यायाचा भंग झाला. सुनावणी झाली पण तुमचे म्हणणे पटले नाही, तर तो भंग नाही, ते अपिलाचे कारण आहे. याचिकेत ‘नैसर्गिक न्याय’ हा शब्द दहा वेळा आला तरी न्यायाधीश पहिल्यांदा एकच विचारतात: नोटिशीला उत्तर कधी दिले आणि सुनावणीला कोण हजर होते?

मुदतीचा धोका विसरू नका. ग्लॅक्सो स्मिथक्लाइन प्रकरणात २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की अपिलाची मुदत आणि उशीर माफ करून मिळणारी जास्तीची मुदत दोन्ही उलटल्यावर ‘अपील करता येत नाही’ म्हणून रिट टाकता येणार नाही. याचा व्यवहारातला अर्थ असा: रिट टाकायचीच असेल तर अपिलाची मुदत चालू असताना टाका. रिट फेटाळली गेली किंवा मागे घेतली तर अपील करायची मोकळीक आणि मधला काळ मुदतीतून वगळण्याचे निर्देश आदेशात मागून घ्या. ते वाक्य नसलेला आदेश घेऊन बाहेर पडलेला अर्जदार दोन्हीकडून जातो.

आणि एक प्रकारची रिट जवळजवळ नेहमी चालते, पण ती फार कमी लोक टाकतात. अधिकारी अर्जावर काहीच करत नसेल, ना हो म्हणत ना नाही, तेव्हा फक्त एवढेच मागायचे की अर्जाचा निर्णय अमुक दिवसांत द्यावा. गुणदोषात जायचे नाही. पर्यायी मार्ग अडवूनच ठेवला असेल तर तो पर्याय आहे असे खात्याला म्हणता येत नाही.

प्रश्न : चीनमधून मागवलेल्या बाथरूम फिटिंग्जचा कंटेनर न्हावाशेव्याला पाच महिन्यांपासून अडकला आहे. किंमत कमी दाखवली असा डीआरआयचा (महसूल गुप्तचर संचालनालयाचा) आरोप आहे. कारणे दाखवा नोटीस अजून नाही. कस्टम ब्रोकर म्हणतो प्रोव्हिजनल रिलीज घ्या, वकील म्हणतात थांबा. कोणाचे ऐकावे?
– आयातदार, भिवंडी

दोघेही चूक नाहीत. दोघे वेगवेगळ्या घड्याळांकडे बघत आहेत.

वकिलांचे घड्याळ सीमाशुल्क (कस्टम्स) कायद्याच्या कलम ११०(२) चे. जप्तीपासून ६ महिन्यांत कलम १२४ ची कारणे दाखवा नोटीस आली नाही तर माल ज्याच्याकडून घेतला त्याला परत द्यावा लागतो. आयुक्त ही मुदत जास्तीत जास्त आणखी ६ महिने वाढवू शकतात, पण कारणे लिहून, आणि पहिली मुदत संपायच्या आत तुम्हाला कळवून. मुदत जप्तीच्या मेमोपासून मोजली जाते. कंटेनर ‘होल्ड’वर ठेवल्याची तारीख आणि जप्तीची तारीख यांत अनेकदा दोन-तीन आठवड्यांचे अंतर असते, तेव्हा कॅलेंडरवर खूण करण्याआधी जप्तीचा मेमो बघा.

ब्रोकरचे घड्याळ भाड्याचे. कलम ११०अ खाली हमीपत्र आणि सुरक्षा ठेव देऊन माल तात्पुरता सोडवता येतो. मात्र २०१८ पासून कायद्यात स्पष्ट वाक्य आले आहे की ११०अ खाली तात्पुरती सुटका झाली की ती ६ महिन्यांची मुदत लागू राहत नाही. म्हणजे पाचव्या महिन्यात अर्ज मंजूर करून घेतलात तर सहा महिन्यांचा मुद्दा स्वतःच्या हाताने सोडलात.

आमचे मत असे: माल हंगामी असेल, खराब होणारा असेल किंवा ग्राहक निसटणार असेल तर पहिल्याच महिन्यात ११०अ चा अर्ज करायला हवा होता. पितळी नळ आणि शॉवर पडून खराब होत नाहीत. पाच महिने गेलेच आहेत, तर सहावा महिना थांबणे जास्त शहाणपणाचे, पण दोन कामे आजच करून.

पहिले काम भाड्याचे. जप्त किंवा अडकवून ठेवलेल्या मालावर कंटेनर फ्रेट स्टेशनने (कंटेनर ठेवायच्या आवाराने) भाडे किंवा डेमरेज (विलंबशुल्क) घेऊ नये, असे २००९ च्या कस्टम्स क्षेत्रातील माल हाताळणी नियमांत आहे. त्यासाठी कस्टम्सकडून डिटेन्शन सर्टिफिकेट (माल अडकवल्याचा दाखला) मागा, लेखी. शिपिंग लाइनचे कंटेनर-भाडे मात्र हे नियम थांबवत नाहीत, आणि बिलात तोच सर्वांत मोठा आकडा होऊन बसतो. म्हणून माल कंटेनरमधून काढून गोदामात ठेवायची परवानगी मागा. बिल ऑफ एंट्री (आयातीचे विवरण) भरले असेल तर कलम ४९ खाली तात्पुरत्या गोदामाचा अर्जही करता येतो. हे पहिल्या आठवड्यात करायचे काम आहे. पाच महिन्यांचे कंटेनर-भाडे चढल्यावर काही वेळा मालाची किंमतच त्यात बुडते.

दुसरे काम, सहा महिने पूर्ण झाल्याच्या दुसऱ्या दिवशी आयुक्तांना एका पानाचे पत्र: जप्ती अमुक तारखेला, नोटीस नाही, मुदतवाढीची सूचना नाही, माल बिनशर्त परत करावा. ७ ते १० दिवसांत उत्तर आले नाही तर हे रिटचे प्रकरण आहे, आणि चांगले प्रकरण आहे. इथे तथ्यांचा वाद नाही, दोन तारखांमधले अंतर मोजायचे आहे.

एक मुद्दा मात्र वकिलांनी याचिकेत घालू नये. डीआरआयला नोटीस काढायचा अधिकारच नाही, हा २०२१ च्या कॅनन निकालाचा आधार सर्वोच्च न्यायालयाने ७ नोव्हेंबर २०२४ ला पुनर्विलोकनात काढून घेतला.

११०अ चाच मार्ग घ्यायचा ठरवला आणि आयुक्तांनी फार जड अटी घातल्या, समजा किमतीइतकी बँक गॅरंटी मागितली, तर तो आदेशही अपीलयोग्य आहे. आयुक्तांचा असेल तर सीमाशुल्क न्यायाधिकरणाकडे, म्हणजे सेस्टॅटकडे, खालच्या अधिकाऱ्याचा असेल तर आयुक्त (अपील) यांच्याकडे. अट जड वाटते म्हणून थेट हायकोर्टात गेलात तर परत इकडेच पाठवले जाण्याची शक्यता मोठी.

पुढे मूळ प्रकरणात आदेश आला तर आयुक्त (अपील) यांच्याकडे मुदत ६० दिवस आणि उशिराच्या माफीचे ३०. त्या ३० दिवसांनंतर आयुक्तांना माफीचा अधिकारच नाही, असे डिसेंबर २००७ च्या सिंग एंटरप्रायझेस प्रकरणापासून ठरलेले आहे. अपिलासाठी शुल्काच्या किंवा दंडाच्या ७.५ टक्के रक्कम आधी भरावी लागते. माल सोडवायचा दंड भरायचा पर्याय आदेशात दिला असेल तर १२० दिवसांत भरा. अपील प्रलंबित नसताना तेवढे दिवस गेले की तो पर्याय रद्द होतो.

प्रश्न : बहीण मस्कतहून आली. मुंबई विमानतळावर कस्टम्सने तिच्या सोन्याच्या बांगड्या घेतल्या, पावती दिली आणि एका छापील कागदावर सही घेतली. आता सांगतात की तिने नोटीस आणि सुनावणी दोन्ही सोडून दिल्या. हायकोर्टात जावे का?
– एक वाचक, रत्नागिरी

आधी पावतीवरची तारीख आणि त्यावर आदेश झाला आहे का, हे पाहा.

नोटीस तोंडी चालते, पण ती प्रवाशाने तशी मागितली तर. छापील साच्यावर घेतलेल्या सहीने नोटीस आणि सुनावणीचा हक्क सुटत नाही, असे दिल्ली उच्च न्यायालयाने २०२५ मध्ये एकाहून अधिक प्रकरणांत म्हटले आहे. बहिणीने आजच विमानतळाच्या कस्टम्स अधिकाऱ्याला लिहावे: ‘सही छापील कागदावर घेतली होती, मला लेखी नोटीस आणि सुनावणी हवी आहे.’ पासपोर्टची प्रत, पावती, बांगड्यांचे बिल आणि त्या अंगावर असलेले जुने फोटो जोडावेत.

आदेश झालाच असेल तर ६० दिवसांत आयुक्त (अपील). त्यांच्यानंतर प्रवाशाच्या सामानाच्या प्रकरणात सेस्टॅट नाही, हे पुष्कळांना माहीत नसते आणि चुकीच्या दारात तीन महिने जातात. कलम १२९डीडी खाली केंद्र सरकारकडे पुनरीक्षण अर्ज करायचा असतो, ३ महिन्यांत. शुल्क, दंड १ लाखापर्यंत असेल तर फी २०० रुपये, त्यापुढे १,०००. इतका स्वस्त दुसरा मार्ग नाही.

हायकोर्टात जायचे ते दोन प्रसंगी: ६ महिन्यांत नोटीसही नाही आणि बांगड्याही नाहीत, किंवा पुनरीक्षण संपले आहे. एक मात्र बहिणीला विचारून घ्या. सोने तिने आपणहून जाहीर केले होते की हिरव्या मार्गाने (जाहीर करण्यासारखे काही नाही, म्हणणाऱ्यांच्या वाटेने) बाहेर पडताना सापडले? जाहीर केलेले सामान परत जाताना नेण्यासाठी ठेवायची सोय कलम ८० मध्ये आहे. न जाहीर केलेल्याला ती नाही, आणि अपिलात पहिला प्रश्न हाच येतो.

प्रश्न : माझ्या ट्रॅक्टर-ट्रॉलीत १ ब्रास वाळू होती. तलाठ्याने अडवून ट्रॅक्टर तहसील कार्यालयात लावला. दीड महिना झाला. तहसीलदार दंडाचा आकडा तोंडी सांगतात. नदीवर पावती होती, पण ती चालकाने हरवली. औरंगाबाद खंडपीठात जाता येईल का?
– शेतकरी, गोदाकाठ

जाता येईल, पण लेखी आदेशाशिवाय गेलात तर पहिला प्रश्नच अडेल: कशाला आव्हान देता?

कायदा असा: महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम ४८(७) खाली बेकायदा काढलेल्या गौण खनिजावर बाजारभावाच्या ५ पटींपर्यंत दंड होतो. हा वाळूचा दंड. कलम ४८(८) खाली वाहन जप्त होते. ते सोडवायला वेगळी रक्कम आणि वाहनाच्या किमतीपर्यंतचे जातमुचलक्याचे हमीपत्र लागते. २०१८ च्या दुरुस्तीनंतर ट्रॅक्टर-ट्रॉलीसाठी ती रक्कम १ लाख आहे. तहसीलदार तोंडी सांगतात तो आकडा या दोन्हींची बेरीज असतो. त्याची फोड लेखी मागा, कारण वाळूच्या बाजारभावावर वाद घालता येतो, वाहनाच्या ठरीव रकमेवर फारसा नाही.

जप्तीचा अधिकार तहसीलदार दर्जाच्या खालच्या माणसाला नाही, आणि जप्त वाहन ४८ तासांत जिल्हाधिकारी किंवा त्यांनी अधिकार दिलेल्या अधिकाऱ्यापुढे हजर करायचे असते. पंचनाम्याची प्रत मिळवून त्यावर सही कोणाची आहे आणि वेळ काय आहे, ते पाहा. तुमचे प्रकरण मजबूत असेल तर ते इथेच आहे. पावती हरवली म्हणून हातावर हात ठेवू नका. ज्या डेपोतून किंवा घाटावरून वाळू घेतली तिथे नोंद असते, वाहतूक पास ऑनलाइन निघाला असेल तर त्याचा क्रमांक आणि वेळ मिळते. पासची वेळ आणि पंचनाम्याची वेळ जुळली तर दंडाचा पाया हलतो.

क्रम असा ठेवा. रजिस्टर पोस्टाने तहसीलदारांना अर्ज: सुनावणी द्या, लेखी आदेश द्या, कलम ४८(८) खाली ट्रॅक्टर सोडा. आदेश आला की कलम २४७ खाली प्रांताधिकाऱ्यांकडे ६० दिवसांत अपील, आणि त्याच दिवशी कलम २५६ खाली स्थगितीचा स्वतंत्र अर्ज. स्थगिती न मागता केलेले अपील पडून राहते आणि तोवर वसुलीचा बोजा सातबाऱ्यावर चढतो. अर्जाला तीन आठवड्यांत उत्तरच नसेल तर खंडपीठात जा, पण मागणी एवढीच ठेवा: तहसीलदारांनी ठरावीक दिवसांत निर्णय द्यावा. पेरणी तोंडावर असेल तर ते याचिकेत लिहा, तातडी दाखवायला ते पुरेसे आहे.

प्रश्न : अपघातातली माझी दुचाकी पोलिस ठाण्याच्या आवारात गंजते आहे. हायकोर्ट?
– एक वाचक, सातारा

नाही. गुन्हा ज्या ठाण्यात दाखल आहे त्या हद्दीच्या न्यायदंडाधिकाऱ्यांकडे अर्ज. जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेचे कलम ४५७, आता भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचे कलम ५०३, आणि प्रकरण कोर्टात सुरू झाले असेल तर ४९७. जप्त वाहने ठाण्यात सडू देऊ नयेत, फोटो आणि पंचनामा करून सुपूर्दनाम्यावर मालकाला द्यावीत, असे सर्वोच्च न्यायालयाने सुंदरभाई अंबालाल देसाई प्रकरणात २००२ मध्येच सांगितले आहे. आरसी, विमा, आधार आणि जामीनदाराचे कागद बरोबर न्या. विमा संपला असेल तर आधी तो काढा, नाहीतर अर्ज तिथेच अडतो.